ई४ आणि बर्लिनची भिंत

पांढरी मोहरी घेऊन राजापुढचं प्यादं दोन घरं सरकवलं, म्हणजे ई४ खेळलं, की वाटतं ओपनिंग आपण निवडलं. छे! निवडतो काळा. सिसिलियन, फ्रेंच, कारो-कान, नाहीतर सरळ ई५. आपण फक्त प्रत्येकाला उत्तर तयार ठेवायचं. आपल्या धंद्याच्या भाषेत सांगायचं तर दहा इनपुट हँडल केले आणि अकरावा राहिला, की प्रोग्रॅम तिथेच आपटतो.

यातला सगळ्यात गाजलेला क्रॅश २००० सालचा, लंडनमधला. कास्पारोव्ह १९८५ पासून जगज्जेता. ओपनिंगच्या तयारीत त्याचा हात धरणारा कोणी नाही. समोर क्रॅमनिक, जो १९९५ च्या आनंदविरुद्धच्या मॅचमध्ये कास्पारोव्हच्याच टीममध्ये होता. म्हणजे कोड आतून पाहिलेला माणूस!

त्याने ई४ ला ई५ केलं, रुय लोपेझ होऊ दिलं आणि तिसऱ्या खेळीला घोडा एफ६ वर आणला. हा बर्लिन बचाव, एकोणिसाव्या शतकातला, बराचसा अडगळीत पडलेला. आठव्या खेळीला वजिरावजिरी होते. काळ्याचं कॅसलिंग गेलेलं, सी पट्टीत दुहेरी प्यादी. कागदावर पांढराच बरा. उरलेली सगळी मोहरी मारामारीत गेली आणि नुसती प्यादी राहिली तर बहुधा तोच जिंकेल. पण काळ्याकडे दोन्ही उंट आहेत, आणि वजीर नसताना त्या मधे अडकलेल्या राजावर हल्ला करणार कशाने? कास्पारोव्हची सगळी गंमत हल्ल्यात, आणि इथे मुख्य हत्यारच आठव्या खेळीत पेटीत!

पहिला, तिसरा, नववा, तेरावा. चार डावांत तो या भिंतीवर धडकला, चारही बरोबरीत सुटले. मला तरी हा हट्टच वाटतो, कारण चौथ्या खेळीला डी३ करून वजिरावजिरी टाळता येते. असो. क्रॅमनिकने दोन डाव जिंकले, कास्पारोव्हने एकही नाही. साडेआठ-साडेसहा. पंधरा वर्षांचं जगज्जेतेपद गेलं.

मग बाकीचे शहाणे झाले. २०१३ मध्ये चेन्नईत, कार्लसनविरुद्धच्या सहाव्या डावात, आनंदने बर्लिनला डी३ नेच उत्तर दिलं. डाव तो हरला, पण पार शेवटी, सदुसष्टाव्या खेळीला. त्याचं खापर ओपनिंगवर फोडता येत नाही. पुढे अनेकांनी रुय लोपेझच बाजूला ठेवून उंट सी४ वर आणला. लहानपणी सगळ्यात आधी शिकवतात तेच इटालियन.