मलायातील एक अल्पजीवी पक्ष

ज्या पक्षाचे आयुष्य अवघ्या काही वर्षांचे, त्याची आठवण कशास, असे कोणी पुसेल. पण मलायाच्या स्वातंत्र्याची कथा त्यास वगळून सांगणे आम्हांस न्याय्य वाटत नाही.

जपान शरण गेल्यावर दोनच महिन्यांनी, ऑक्टोबर १९४५ मध्ये, इपोह येथे मलाय राष्ट्रीय पक्ष स्थापन झाला. इंडोनेशियाशी ऐक्य हे त्याचे स्वप्न. १९४६ साली तो 'अम्नो'त सामील झाला. परंतु तांबड्या-पांढऱ्या ध्वजाचा आग्रह फेटाळला जाताच बाहेर पडला. वाद दिसावयास कापडाचा. मुळात अम्नोची सूत्रे सरदार-घराण्यांच्या व सरकारी अधिकाऱ्यांच्या हाती होती. (आम्हां नोकरदारांस हे वाचताना किंचित अवघडल्यासारखे होते!)

पुढे बुऱ्हानुद्दीन अल-हेल्मी व इसहाक हाजी मुहम्मद यांच्या काळात पक्षाने चिनी व भारतीय संघटनांशी सख्य जोडले. १९४७ च्या संयुक्त 'लोकघटने'त देशाशी एकनिष्ठ अशा सर्वांस 'मेलायु' हेच राष्ट्रीयत्व देऊ केले होते. आपल्या जमातीचे नाव परक्यांस देणे ही सामान्य गोष्ट नव्हे. ब्रिटिशांच्या योजनेविरुद्ध २० ऑक्टोबर १९४७ रोजी देशभर व्यवहार बंद राहिले, आणि त्या बंदास तिकडेही 'हरताळ'च म्हणत!

जून १९४८ मध्ये आणीबाणी आली. कार्यकर्ते गजाआड गेले. युवक आघाडीचे अहमद बुस्तमाम सुटले, ते १९५५ साली.