सहासष्ट की त्र्याहत्तर? बायबलच्या यादीचा वाद

बेळगावातल्या एखाद्या प्रोटेस्टंट घरातलं मराठी बायबल उघडून अनुक्रमणिका मोजली, तर पुस्तकं भरतात ६६. घाट उतरून गोव्यातल्या कॅथलिक घरातलं बायबल मोजलं, तर तीच होतात ७३. नवा करार दोन्हीकडे सारखा, २७ पुस्तकांचा. फरक आहे तो जुन्या करारात. एकीकडे ३९ पुस्तकं, दुसरीकडे ४६. तोबीत, यूदीथ, ज्ञानग्रंथ, बेन सिरा, बारूख आणि मक्काबींची दोन, ही ती सात जास्तीची पुस्तकं. शिवाय एस्तेर आणि दानीएल कॅथलिक बायबलात थोडी लांब आहेत. सुसान्नाची गोष्ट दानीएलच्या या वाढीव भागातच येते.

याचं कारण विचारलं की दोन ठरलेली उत्तरं मिळतात. कॅथलिक म्हणतात, "ल्यूथरनं पुस्तकं काढून टाकली." प्रोटेस्टंट म्हणतात, "पोपच्या लोकांनी ट्रेंटच्या परिषदेत मागाहून घातली." दोन्ही उत्तरांत थोडं तथ्य आहे, पण सनावळी मांडून पाहिली तर दोन्हीही पूर्ण टिकत नाहीत.

आणि हा वाद नुसता मोजदादीचा नाही. दोन पंथांमध्ये सोयरीक झालेल्या घरांत तो प्रत्यक्ष जाणवतो. कॅथलिक लग्नात तोबियास आणि सारा यांची प्रार्थना वाचायची सोय आहे, ती तोबीतमधली. अंत्यविधीला ज्ञानग्रंथाचा तिसरा अध्याय वाचता येतो. प्रोटेस्टंट नातेवाईक आपल्या बायबलात ते शोधू लागला तर त्याला सापडणार नाही. मेलेल्या माणसासाठी प्रार्थना करावी की नाही, हा प्रश्नही शेवटी याच यादीपाशी येऊन ठेपतो.

दोन भाषा, दोन संग्रह

या वादाचं मूळ ख्रिस्ती धर्माच्याही आधीचं आहे. इ.स.पूर्व तिसऱ्या शतकापासून इजिप्तमधल्या अलेक्झांड्रिया शहरात मोठा यहुदी समाज राहत होता. त्यांची बोलीभाषा ग्रीक झाली होती, म्हणून हिब्रू धर्मग्रंथांचं ग्रीक भाषांतर सुरू झालं. बहात्तर वडीलधाऱ्यांनी ते केलं अशी आख्यायिका आहे, त्यावरून त्याला सेप्टुअजिंट, म्हणजे 'सत्तरी', हे नाव पडलं. या ग्रीक संग्रहाच्या आसपास हळूहळू आणखीही पुस्तकं जमली. काही मूळचीच ग्रीक होती, काही हिब्रू किंवा अरामीतून आलेली. बेन सिराचं पुस्तक यरुशलेमेत इ.स.पूर्व १८० च्या सुमारास हिब्रूत लिहिलं गेलं आणि त्याच्या नातवानं इजिप्तमध्ये येऊन ते ग्रीकमध्ये आणलं. ही माहिती नातवानं स्वतःच प्रस्तावनेत दिली आहे.

तिकडे यहुद्यांचा हिब्रू संग्रह त्यामानानं आटोपशीर राहिला. पहिल्या शतकाच्या अखेरीस इतिहासकार जोसेफस आपल्या लोकांची पुस्तकं २२ असल्याचं सांगतो. आज यहुदी ती २४ मोजतात. प्रोटेस्टंटांची ३९ म्हणजे हीच पुस्तकं, फक्त मोजणी वेगळी. इ.स. ९० च्या सुमारास यामनिया इथं रब्बींनी परिषद भरवून ही यादी बंद केली, असं जुन्या पुस्तकांत वाचायला मिळतं. आजचे बहुतेक अभ्यासक ते मानत नाहीत. यादी एका बैठकीत ठरली नाही, ती सावकाश घट्ट होत गेली.

पहिल्या ख्रिस्ती मंडळ्या ग्रीक बोलणाऱ्या, त्यामुळे त्यांनी ग्रीक संग्रह उचलला. नव्या करारातले दाखलेही बहुतेक करून ग्रीक पाठावरूनच आलेले आहेत. पण त्या ग्रीक संग्रहाच्या कडा स्पष्ट नव्हत्या. चौथ्या शतकातलं व्हॅटिकनचं प्रसिद्ध हस्तलिखित पाहा. त्यात तोबीत आणि यूदीथ आहेत, मक्काबी नाहीत. त्याच शतकातल्या सिनाईच्या हस्तलिखितात मक्काबींपैकी पहिलं आणि चौथं आहे. म्हणजे मुळात जी यादी पक्की नव्हती, तिच्यातून कोणी काय काढलं आणि काय घातलं, हा प्रश्न वाटतो तितका सोपा नाही.

जेरोम आणि ऑगस्टीन

चौथ्या शतकाच्या शेवटी दोन मोठ्या माणसांत यावरून मतभेद झाला. जेरोम बेथलेहेमात बसून बायबलचं लॅटिन भाषांतर करत होता. तो हिब्रू शिकला होता आणि जुन्या कराराचा खरा आधार हिब्रूच, या मतावर ठाम होता. हिब्रूत नसलेली पुस्तकं वाचायला चांगली, पण धर्मसिद्धान्त त्यांच्यावर उभारू नये, असं त्यानं लिहून ठेवलं. गंमत म्हणजे आग्रह झाल्यावर त्यानं तोबीतचं भाषांतरही करून दिलं, आणि तेही एका दिवसात! एक जाणकार अरामीतून हिब्रूत सांगत गेला आणि जेरोम लॅटिनमध्ये उतरवत गेला.

उत्तर आफ्रिकेतल्या हिप्पोचा बिशप ऑगस्टीन याला हे पटलं नाही. मंडळ्यांमध्ये पिढ्यान्‌पिढ्या जे वाचलं जातं तेच प्रमाण, असं त्याचं म्हणणं. लोकांना सवयीचा पाठ किती प्रिय असतो याचा एक किस्सा त्यानं जेरोमला पत्रातून कळवला. ओइया गावच्या बिशपनं जेरोमचं नवं भाषांतर मंडळीत वाचलं. योनाच्या डोक्यावर सावली धरणाऱ्या वेलाचं नाव त्यात बदललेलं होतं. तेवढ्यावरून असा गोंधळ उडाला की बिशपला आपली मंडळी गमावण्याची वेळ आली. एका वेलावरून हे, मग अख्ख्या पुस्तकांचं काय!

हिप्पो इथं ३९३ मध्ये आणि कार्थेज इथं ३९७ मध्ये भरलेल्या आफ्रिकेतल्या सभांनी ऑगस्टीनच्या बाजूची, म्हणजे मोठी, यादी मान्य केली. पश्चिमेत तीच चालत राहिली. पण या प्रादेशिक सभा होत्या, आणि जेरोमची प्रस्तावनाही लॅटिन बायबलाबरोबरच नकलली जात होती. त्यामुळे पुढची हजार-अकराशे वर्षं दोन्ही मतं एकाच चर्चमध्ये नांदली. पुस्तकं सगळे वाचत होते, त्यांचा दर्जा काय यावर विद्वानांत दोन तट होते. फ्लोरेन्सच्या परिषदेत १४४२ मध्ये मोठी यादी पुन्हा नोंदली गेली, पण वेगळं मत धरणाऱ्याला तेव्हा कोणी पाखंडी ठरवलं नाही.

मेलेल्यांसाठी दोन हजार द्रक्मे

मग एवढा भडका का उडाला? त्याचं कारण दुसऱ्या मक्काबी पुस्तकाच्या बाराव्या अध्यायात आहे. यहुदा मक्काबी लढाईत पडलेल्या आपल्या सैनिकांसाठी दोन हजार चांदीचे द्रक्मे गोळा करतो आणि त्यांच्या पापांच्या क्षमेसाठी अर्पण व्हावं म्हणून यरुशलेमेला पाठवतो. मृतांसाठी प्रार्थना करणं योग्य, याला इतका उघड आधार दुसरीकडे कुठेच नाही.

मार्टिन ल्यूथरनं १५१७ मध्ये पापक्षमापत्रांच्या विक्रीवर हल्ला चढवला. ही पत्रं मरणानंतरच्या शुद्धिस्थानाच्या, म्हणजे पर्गेटरीच्या, कल्पनेवर उभी होती. १५१९ साली लाइपझिगच्या जाहीर वादसभेत योहान एक या पंडितानं शुद्धिस्थानाचा पुरावा म्हणून नेमका हाच उतारा पुढे केला. ल्यूथरनं उत्तर दिलं की मक्काबी हे प्रमाणग्रंथांत मोडतच नाही, त्याच्यावर सिद्धान्त उभा करता येणार नाही. ल्यूथरनं ही शंका स्वतः शोधून काढलेली नव्हती, ती जेरोमची जुनीच होती. पण आता ती ग्रंथालयातून बाहेर पडून रणांगणात आली. शास्त्र श्रेष्ठ की चर्च श्रेष्ठ, आणि शास्त्र कोणतं हे ठरवणार कोण, हा खरा वाद झाला.

तरीही ल्यूथरनं पुस्तकं फेकून दिली नाहीत. १५३४ च्या त्याच्या संपूर्ण जर्मन बायबलात ती आहेत. जुन्या आणि नव्या कराराच्या मधे 'अपोक्रिफा' या नावाखाली त्यानं ती वेगळी छापली. पवित्र शास्त्राच्या बरोबरीची नाहीत, पण वाचायला उपयुक्त, अशी टीप त्यांना जोडली.

दुसऱ्या बाजूचं चित्रही एकरंगी नाही. १५१८ मध्ये ल्यूथरची चौकशी करणारा कार्डिनल कायेतान स्वतः जेरोमच्याच मताचा होता. पण वातावरण तापल्यावर मधल्या जागेवर उभं राहणं अवघड झालं. ८ एप्रिल १५४६ रोजी ट्रेंटच्या परिषदेनं मोठी यादी जाहीर केली आणि ती न मानणाऱ्याला बहिष्कृत ठरवलं. ट्रेंटनं नवीन पुस्तकं घातली असं म्हणता येत नाही, कारण यादी ३९७ चीच होती. नवीन होती ती सक्ती. पुढे १५६६ मध्ये सिएनाच्या सिक्स्टस या कॅथलिक विद्वानानं या पुस्तकांसाठी 'ड्युटेरोकॅनॉनिकल', म्हणजे दुसऱ्या फेरीत प्रमाण ठरलेली, हा शब्द रूढ केला. तीच पुस्तकं, पण एका घरी अपोक्रिफा आणि दुसऱ्या घरी ड्युटेरोकॅनॉनिकल.

मग बायबलातून गेली कधी?

आता इंग्लंडकडे वळू, कारण आपल्या मराठी बायबलाची वाट तिकडूनही येते. १६११ चं सुप्रसिद्ध किंग जेम्स बायबल प्रोटेस्टंट, पण त्यात अपोक्रिफा छापलेला होता. अँग्लिकन चर्चची भूमिका मधली होती: आचरणाचा धडा म्हणून वाचा, सिद्धान्त काढू नका. कडव्या प्युरिटनांना तेवढंही सहन होत नव्हतं. १६४७ च्या वेस्टमिन्स्टर विश्वासपत्रानं ही पुस्तकं इतर कोणत्याही मानवी लिखाणासारखीच, असं ठरवलं. हळूहळू अपोक्रिफा नसलेल्या प्रती वाढत गेल्या. त्या स्वस्तही पडत.

शेवटचा घाव बसला तो मात्र पैशाच्या बाजूनं. १८०४ मध्ये लंडनला ब्रिटिश अँड फॉरेन बायबल सोसायटी स्थापन झाली. युरोपातल्या लूथरन आणि कॅथलिक वाचकांना अपोक्रिफा नसलेलं बायबल अपुरं वाटे, म्हणून तिकडच्या आवृत्त्यांत तो छापला जाई आणि त्याला सोसायटीचा पैसाही लागे. स्कॉटलंडच्या रॉबर्ट हॉल्डेन यांच्या हे १८२१ मध्ये लक्षात आलं आणि त्यांनी वाद उभा केला. पाच वर्षं पत्रकं आणि सभा यांचा धुरळा उडाला. १८२६ मध्ये सोसायटीनं ठराव केला की अपोक्रिफा असलेल्या बायबलावर आपला निधी खर्च होणार नाही. एवढं करूनही एडिंबरोची मंडळी फुटून वेगळी झालीच.

जगभरच्या अनेक भाषांतल्या बायबलांना याच सोसायटीचा आधार होता. त्यामुळे १८२६ चा हा हिशेबाचा ठराव कित्येक भाषांमधल्या अनुक्रमणिकेवर उमटला.

आपल्या मुलखात दोन वाटा

मराठी मुलखात दोन्ही याद्या वेगवेगळ्या वाटांनी आल्या. गोव्यात पोर्तुगीज १५१० मध्ये आले. ट्रेंटनंतर तिथल्या चर्चची यादी अर्थातच ७३ ची. पण ट्रेंटनंतरच्या काळात लोकभाषेतलं बायबल सर्रास हाती देण्यावर कॅथलिक चर्चचे निर्बंध होते. त्यामुळे मराठीत आलं ते बायबल नव्हे, तर पुराण. फादर थॉमस स्टीफन्स यांचं ओवीबद्ध 'क्रिस्तपुराण' १६१६ मध्ये रायतूरला छापलं गेलं. लोकांना शास्त्र कळलं ते पुराणातून, प्रवचनातून आणि सणावारांतून. २ नोव्हेंबरला कबरींवर लागणाऱ्या मेणबत्त्या आणि राफाएल हे नाव ही त्याचीच खूण. राफाएल देवदूत भेटतो तो तोबीतमध्ये. सहासष्ट पुस्तकांत त्या नावाचा देवदूत नाही.

प्रोटेस्टंटांची वाट छापखान्यातून आली. विल्यम केरी यांनी वैजनाथ शर्मा या पंडितांच्या मदतीनं केलेला मराठी नवा करार १८११ मध्ये श्रीरामपूरला, म्हणजे बंगालमधल्या सेरामपूरला, छापला गेला. अमेरिकन मिशनरी १८१३ मध्ये मुंबईला पोचले, आणि त्याच वर्षी मुंबईत बायबल सोसायटीची शाखाही निघाली. बेळगावात लंडन मिशनचं काम १८२० मध्ये सुरू झालं. बॅप्टिस्ट असोत, अमेरिकन असोत की पुढे आलेले स्कॉटिश, यांची यादी आधीपासूनच ६६ ची, आणि १८२६ नंतर सोसायटीचा पैसाही तेवढ्यालाच. मराठीत छापील बायबल पहिल्यांदा याच मंडळींनी आणलं, म्हणून मराठी वाचकाच्या मनात 'बायबल' म्हणजे ६६ पुस्तकं हे समीकरण बसलं. तोबीत आणि यूदीथ मराठी माणसानं वाचून नाकारली असं घडलंच नाही. ती बराच काळ त्याच्या हाती पोचलीच नाहीत.

इतिहासाचं पारडं कोणत्या बाजूला? कुमरानच्या गुहांत तोबीतचे हिब्रू आणि अरामी तुकडे मिळाले, कैरो आणि मसादा इथं बेन सिराचा हिब्रू पाठ मिळाला. त्यामुळे 'ही पुस्तकं हिब्रूत नव्हतीच' हा जुना मुद्दा निदान या दोघांपुरता ढिला पडला. पण यहुद्यांनी ती आपल्या संग्रहात धरली नाहीत, हा मुद्दा तसाच उभा आहे. पुरावा इथपर्यंत नेतो. पुढचा निर्णय श्रद्धेचा, आणि तो ज्याचा त्यानं करायचा. दोन्ही बाजूंनी १९६८ मध्ये मिळून एक तोडगाही काढला. सामाईक आवृत्तीत ही पुस्तकं दोन करारांच्या मधे वेगळ्या भागात छापावीत, असं युनायटेड बायबल सोसायटीज आणि व्हॅटिकन यांच्यात ठरलं. म्हणजे जवळपास ल्यूथरची १५३४ ची मांडणीच!

वाचकांना एक सुचवावंसं वाटतं. आपल्या भागातल्या घरांत, चर्चच्या कपाटांत जुनी बायबलं असतील. ती हाती आली की आधी दोन पानं पाहा, अनुक्रमणिकेचं आणि मुद्रकाचं. कोणत्या छापखान्यात, कोणाच्या खर्चानं, कोणत्या साली, हे टिपून घ्या. ते घर कोणत्या वाटेवरचं, हे त्या दोन पानांवरून बरंचसं कळतं.