हलत्या चित्रावरची रेघ

जुन्या पंतोजींच्या शाळेत मुलाच्या हाती प्रथम पुस्तक येत नसे. येत असे ती धूळपाटी. पाटीवर बारीक धूळ पसरावी, पंतोजींनी मुलाचे बोट आपल्या मुठीत धरावे आणि अक्षराचे वळण गिरवून घ्यावे, असा तो शिरस्ता होता. पुढे दगडी पाटी आली, भिंतीवर काळा फळा आला; परंतु जे तोंडाने सांगून उमगत नाही ते हाताने रेघ ओढून दाखवावयाचे, हे शिकविण्याचे मर्म तसेच राहिले. फळ्याला मात्र एक मोठी मर्यादा आहे. जे समजवावयाचे ते आधी फळ्यावर काढावे लागते, आणि एकदा काढले की ते निश्चल होते. वादळ, धावता खेळाडू, धडधडणारे हृदय ही प्रत्यक्ष घडत असता त्यांच्यावरच बोट ठेवून ‘हे पाहा’ म्हणण्याची सोय फळ्यात नाही. ती सोय विसाव्या शतकात झाली. तिच्या पोटी जी अडचण जन्मास आली ती अद्याप पुरती मिटलेली नाही. ती अशी की, चित्र चालत असते आणि त्यावर ओढलेली रेघ जागच्या जागी राहते.

या हकीकतीचा आरंभ शाळेत झाला नाही, युद्धात झाला. दुसऱ्या महायुद्धात रडारच्या गोल काचेवर प्रकाशाची एक रेषा घड्याळाच्या काट्याप्रमाणे फिरे आणि जेथे जहाज वा विमान असेल तेथे ठिपका उजळे. पुढच्या फेरीत तोच ठिपका किंचित सरकलेला दिसे. काचेपुढे बसलेला माणूस मेणाच्या पेन्सिलीने त्यावर खूण करी, काही वेळाने दुसरी खूण करी आणि दोन्ही रेघेने जोडी. त्या रेघेवरून शत्रूची दिशा कळे व वेग काढता येई. चालत्या चित्रावर हाताने रेखाटण्याचे हे प्रथमचे मोठे उदाहरण होय. आणि येथे रेघेचे स्थिर राहणे हाच तिचा गुण होता, कारण ती हलली असती तर ठिपका किती हलला हे कशावरून मोजावयाचे? अडचण आली ती वेगळीच. काच आणि तिच्याखालील चित्र यांत थोडे अंतर असल्यामुळे तिरकस पाहणाऱ्यास खूण सरकलेली दिसे. त्यावर अर्धपारदर्शक आरशाची युक्ती काढण्यात आली. तिच्या योगाने खुणेचे प्रतिबिंब नेमके चित्राच्या पातळीत पडे. त्याच काळी अमेरिकन युद्धनौकांवर खलाशी पारदर्शक फळ्यामागे उभे राहून अक्षरे व आकडे उलटे लिहावयास शिकले, हेतू हा की समोरच्या अधिकाऱ्यांस ते सुलट वाचता यावेत. एवढी कष्टाची विद्या युद्धावाचून कोणी आत्मसात केली असती असे वाटत नाही.

युद्ध संपले आणि हीच कल्पना मुलांच्या खेळात शिरली. अमेरिकेतील सीबीएस या संस्थेने १९५३ सालापासून दर शनिवारी सकाळी ‘विंकी डिंक अँड यू’ नावाचा दूरचित्रवाणी कार्यक्रम दाखविण्यास प्रारंभ केला. अर्धा डॉलर पाठविला की टपालाने एक पारदर्शक कागद, रंगीत खडू आणि पुसावयाचे फडके घरी येई. कागद पडद्यावर घासला की तो काचेस चिकटून बसे. गोष्टीतला विंकी डिंक नदीपाशी अडला की सूत्रधार जॅक बॅरी मुलांस सांगे, ‘पूल काढा’; मुले कागदावर पूल काढीत आणि विंकी डिंक त्यावरून पार होई. पुष्कळ मुलांनी कागद न मागविता थेट काचेवरच खडू चालविले आणि आईबापांची बोलणी खाल्ली, हे ओघानेच आले. हा कार्यक्रम १९५७ साली बंद झाला. येथे रेखाटणारा प्रेक्षक होता, शिक्षक नव्हता. शिक्षकाची रेघ चित्राबरोबर सहस्रावधी घरांत जावी, यासाठी ती काचेवर असून भागणार नव्हते. ती विजेच्या संकेतातच मिसळावयास हवी होती.

हे काम शिकागोच्या लेनर्ड रायफेल या पदार्थवैज्ञानिकाने केले. रायफेल यांचा जन्म १९२७ सालचा. त्यांचे नाव इतिहासात दुसऱ्याही एका कारणाने आले आहे, आणि ते कारण चमत्कारिक आहे. १९५८ साली अमेरिकेच्या हवाई दलासाठी त्यांच्या हाताखाली एक गुप्त अभ्यास झाला; त्याचा विषय होता चंद्रावर अणुबॉम्ब फोडल्यास काय दिसेल! कार्ल सेगन हे तेव्हा विद्यार्थिदशेत त्या मंडळीत होते. सुदैवाने तो विचार कागदावरच राहिला. त्याच रायफेल यांना शिकागोच्या दूरचित्रवाणीवर विज्ञान समजावून सांगण्याची हौस होती. चित्रातील अमुक ठिकाणी पाहा असे शब्दांनी सांगता सांगता त्यांना फळ्यासमोरच्या शिक्षकाचीच उणीव जाणवली असली पाहिजे; त्यांनी चालत्या चित्रावर रेखाटण्याचे यंत्र तयार केले. त्यास पुढे ‘टेलिस्ट्रेटर’ हे नाव मिळाले.

अशा यंत्राचे तत्त्व सोपे आहे. जुन्या पद्धतीच्या पडद्यावरील चित्र म्हणजे वेगाने धावणारा एकच प्रकाशबिंदू होय. अमेरिकेत तो ५२५ ओळींत डावीकडून उजवीकडे धावे आणि सेकंदाला ३० चित्रे पुरी करी. एखादी प्रकाशलेखणी पडद्यास टेकविली तर तो बिंदू तिच्या टोकाखालून कोणत्या क्षणी गेला हे तिला कळते, आणि त्या क्षणावरून तिचे स्थान ठरते. हे स्थान साठवून ठेवावयाचे आणि पुढच्या प्रत्येक चित्रात तेथे उजळ ठिपका मिसळून द्यावयाचा. ठिपके जुळले की रेघ होते, आणि ती रेखाटणाऱ्याच्या पडद्यावर व सर्व घरांतील पडद्यांवर एकाच वेळी उमटते.

परंतु याने मूळची अडचण सुटली नाही, उलट उघडी पडली. खेळाडूभोवती वर्तुळ काढावे तो तो वर्तुळातून निघून गेलेला! म्हणून या यंत्राला दुसऱ्या एका यंत्राचा आधार घ्यावा लागला. खेळातील क्षण पुन्हा दाखविण्याची प्रथा सीबीएसने ७ डिसेंबर १९६३ रोजी सैन्यदल व नौदल यांच्या फुटबॉल सामन्यात सुरू केली. पुढे १९६७ साली ॲम्पेक्स कंपनीचे चुंबकीय तबकडीचे यंत्र आले. त्यावर ३० सेकंदांचे चित्र साठवून ते सावकाश फिरविता येई वा जागीच गोठविता येई. चित्र थांबले, आणि मग रेघेला टेकावयास जागा मिळाली.

एवढे साहित्य जमल्यावर ते वापरणारा शिक्षक हवा होता. तो जॉन मॅडन यांच्या रूपाने मिळाला. अमेरिकन फुटबॉलमध्ये दोन्ही बाजूंचे मिळून २२ गडी असतात आणि एकेक चाल काही सेकंदांत आटोपते. सामान्य प्रेक्षक चेंडूकडे पाहतो, आणि चेंडूकडे पाहणाऱ्यास खेळाचा फार थोडा भाग दिसतो; चेंडू ज्या वाटेने जातो ती वाट कोणी मोकळी केली हे त्यास कळत नाही. ती मोकळी करणारे धिप्पाड गडी पुढच्या रांगेत एकमेकांस रेटीत असतात व त्यांचे नाव कोणी घेत नाही. मॅडन हे स्वतः त्या रांगेतले. १९५८ साली फिलाडेल्फियाच्या संघाने त्यांस निवडले, पण गुडघा दुखावल्याने व्यावसायिक सामना खेळण्यापूर्वीच त्यांची खेळाडू म्हणून कारकीर्द संपली. दुखणे बरे होत असता त्याच संघाचे नॉर्म व्हॅन ब्रॉकलिन हे सामन्यांच्या फिती पाहात बसत आणि शेजारी बसलेल्या या तरुणास कोण काय करतो आहे हे उलगडून सांगत. मॅडन यांचे खरे शिक्षण तेथे झाले. पुढे त्यांनी शिक्षणशास्त्राची पदवी घेतली, महाविद्यालयात शिकविले, १९६९ पासून दहा वर्षे ओकलंड रेडर्सचे प्रशिक्षकपद सांभाळले, आणि १९७९ पासून सीबीएसवर समालोचन केले.

२४ जानेवारी १९८२ रोजी मिशिगनमधील पाँटियाक येथे सॅन फ्रान्सिस्को व सिनसिनाटी या संघांचा अंतिम सामना झाला. सॅन फ्रान्सिस्कोने तो २६–२१ असा जिंकला आणि सुमारे साडेआठ कोटी अमेरिकनांनी तो घरबसल्या पाहिला. त्या सामन्यात मॅडन यांच्या हाती हे यंत्र होते. सीबीएसने त्याला नाव दिले होते ‘चॉकबोर्ड’, म्हणजे खडूचा फळा! मॅडन यांची चित्रकला बेताचीच होती. वर्तुळे वाकडी, बाण नागमोडी, आणि तोंडाने ‘बूम’, ‘व्हॅप’ असे आवाज चाललेले. तथापि त्या वाकड्या रेघांनी प्रेक्षकांची दृष्टी चेंडूवरून हलवून पुढच्या रांगेवर आणली, हे काम लहान नव्हते. ‘हा गडी येथून सरकला, म्हणून तो तिकडे ओढला गेला, म्हणून ही फट पडली’ हा कार्यकारणभाव हात चालत असतानाच उलगडे. पुरी झालेली आकृती दाखविली असती तर तो तसा उलगडला नसता. पुढे पुढे ते आभारदिनाच्या मेजवानीतील सहा पायांच्या टर्कीवरही तीच रेघ चालवीत. थट्टा खरी, परंतु हात पाहण्याची लोकांस गोडी लागली होती म्हणूनच ती चालली. मॅडन २०२१ च्या डिसेंबरात निवर्तले. रायफेल त्यापूर्वीच, २०१७ साली.

रेघ चित्राबरोबर चालविण्याचा पहिला यशस्वी प्रयत्नही याच खेळात झाला, पण तो हात गमावून. २७ सप्टेंबर १९९८ रोजी ईएसपीएनने बाल्टिमोर येथील सामन्यात मैदानावर आडवी पिवळी रेघ दाखविली. पुढची मजल मारण्यास चेंडू कोठवर न्यावयाचा हे ती सांगे. कॅमेरा किती वळला, किती झुकला, किती जवळ आला याचे मोजमाप संगणकास क्षणोक्षणी मिळे. मैदानाचा चढउतार त्यास आधीच सांगितलेला असे आणि केवळ गवताच्या रंगावरच तो पिवळा रंग चढवी. त्यामुळे खेळाडू त्या रेघेवर पाय देऊन चालल्यासारखे दिसत. कॅमेरा कसाही फिरो, रेघ जमिनीस चिकटलेली. कसब थोर खरे. परंतु ती रेघ स्थळ दाखविते, कारण दाखवीत नाही. ती ओढणाऱ्याच्या मनात काय चालले आहे हे तिच्यावरून कळत नाही.

खेळात रेघ चुकली तर हसे होईल, यापलीकडे काही बिघडत नाही. शस्त्रक्रियागृहात तसे नाही. १९८० नंतरच्या दशकात पोटास लहान छिद्रे पाडून, आत दुर्बीण घालून शस्त्रक्रिया करण्याचा प्रघात पडला. १९८५ साली जर्मनीत एरिक म्यूहे यांनी अशा रीतीने पित्ताशय काढले. दुर्बिणीस कॅमेरा जोडल्यापासून पोटातील देखावा सर्वांस पडद्यावर दिसू लागला, पण गुरूचा हात मात्र बाहेर राहिला. उघड्या शस्त्रक्रियेत गुरू शिष्याचा हात धरू शकत होता, पंतोजी धरीत तसाच; येथे ‘जरा डावीकडे’ म्हणावे तर कोणाच्या डावीकडे? रुग्णाच्या, शल्यविशारदाच्या की तिरप्या धरलेल्या कॅमेऱ्याच्या? आणि पित्ताशयाचेच उदाहरण घ्यावे तर तेथे दोन नळ्या जवळजवळ असतात. पित्ताशयाची आखूड नळी कापावयाची असते. यकृताचे पित्त आतड्यात नेणारी मुख्य नळी कापली गेली तर रुग्णाच्या आयुष्याचेच नुकसान होते. सूज असली की दोन्ही सारख्याच दिसतात, आणि या नव्या पद्धतीच्या पहिल्या वर्षांत अशा इजा पूर्वीपेक्षा वाढल्या. नवशिक्यास ‘ती नव्हे, ही’ असे सांगणे येथे किती निकडीचे असते हे निराळे सांगावयास नको.

१९९० नंतरच्या दशकात बाल्टिमोरच्या जॉन्स हॉपकिन्स येथील मूत्ररोगतज्ज्ञांनी यावर टेलिस्ट्रेटर योजून पाहिला. अनुभवी शल्यविशारद शस्त्रक्रियागृहाबाहेर, दूरच्या खोलीत बसे. तेच चित्र त्याच्या पडद्यावर येई, तो बोले आणि रेखाटी, आणि ती रेघ शिष्याच्या पडद्यावर उमटे. प्रयोग उपयुक्त ठरला. परंतु पोटातील देखावा फुटबॉलच्या चालीप्रमाणे गोठवून ठेवता येत नाही. रुग्ण श्वास घेतो तसे यकृत वरखाली होते, साहाय्यकाचा हात हलतो तसा कॅमेरा हलतो, आणि क्षणापूर्वी योग्य नळीवर असलेली रेघ आता भलतीवर आलेली असते. रडारवर जो गुण होता तोच येथे दोष झाला, आणि दोषही असा की तो विश्वास उत्पन्न करून फसवितो. यास्तव गुरूने रेघ ओढावी, शिष्याने कॅमेरा निश्चल धरावा, अर्थ समजताच रेघ पुसावी आणि मगच हत्यार पुढे न्यावे, हाच काय तो तूर्तचा उपाय राहतो.

मॅडन यांचा हात आणि पिवळ्या रेघेची चिकाटी या दोहोंचा मेळ घालण्याचा उद्योग गेल्या काही वर्षांत चालू आहे. इंडियाना राज्यातील पर्ड्यू विद्यापीठात संगणकशास्त्रज्ञांनी शल्यविशारदांच्या साहाय्याने अशी रचना केली की, दूरच्या गुरूने काढलेली रेघ संगणक त्याखालील पृष्ठभागाच्या खाणाखुणांशी बांधून टाकतो, आणि चित्र सरकले की तिलाही सरकवितो. आरंभी रुग्ण व शिष्य यांच्या मध्ये एक पारदर्शक भासणारी पाटी धरलेली असे. पुढे पाटी गेली आणि डोळ्यांवर चढविण्याचा चष्मा आला. त्यातून पाहणाऱ्यास रेघ कोणत्याही पडद्यावर दिसत नाही, ती समोरच्या देहावरच दिसते, आणि त्यास मान वळवून अन्यत्र पाहावे लागत नाही. ज्या खुणांशी रेघ बांधावयाची त्या मात्र शस्त्र चालू लागताच बदलतात. छेद घेतला की पृष्ठभाग दुभंगतो, रक्त येते, हातमोजा आड येतो, आणि रेघेला आपली जागा नव्याने शोधावी लागते.