शेंग, जाळ आणि सोया सॉस : कोपर परिसरातील एका तोंडीलावण्याची पूर्वपीठिका

डोंबिवली आणि दिवा यांच्या दरम्यान असलेले कोपर हे मध्य रेल्वेचे स्थानक असून दिवा-वसई मार्ग येथे मुख्य मार्गाच्या वरून जात असल्याने गाड्या दोन पातळ्यांवर थांबतात. स्थानकाच्या दोन्ही अंगांना आज इमारतींची दाटी असली, तरी उल्हास नदीच्या खाडीपर्यंतचा हा पट्टा पिढ्यानपिढ्या आगरी समाजाच्या भातशेतीचा होता. या वस्तीतील अनेक स्वयंपाकघरांत आता फरसबीच्या अख्ख्या शेंगा मोठ्या आचेवर डाग पडेपर्यंत भाजून, त्यांवर लसूण, सोया सॉस, तीळ आणि मिरची यांचे मिश्रण घालून केलेले तोंडीलावणे रुळले आहे. तोंडीलावणे म्हणजे पोटभरीची भाजी नव्हे, तर मुख्य अन्नाला चव आणण्यासाठी थोडा थोडा खाल्ला जाणारा पदार्थ. हा पदार्थ सर्वस्वी नवा आणि परका समजला जातो. परंतु त्यातली शेंग आणि सॉस बाहेरून आलेले असले, तरी कोवळी शेंग पाण्याचा थेंबही न घालता जाळावर भाजून खाण्याची रीत उत्तर कोकणात या दोहोंच्या कितीतरी आधीपासून नांदत होती.

या रीतीचे नाव पोपटी. ती रायगड जिल्ह्यात विशेष जोपासली गेली असली, तरी ठाण्याच्या खाडीकाठच्या आगरी-कोळी गावांनाही ती परकी नाही. तिचा आधार वालाची शेंग हा होय. पावसाळी भाताची कापणी झाल्यावर शेतात जी ओल शिल्लक राहते, तिच्यावरच वाल पेरण्याची पद्धत कोकणात आहे, कारण या पिकाला वेगळे पाणी द्यावे लागत नाही आणि त्याच्या मुळांवरील गाठींतील जीवाणू हवेतील नत्र जमिनीत साठवतात, ज्याचा लाभ पुढच्या भाताला होतो. संस्कृत वैद्यकग्रंथांतील निष्पाव हे धान्य म्हणजे वालच, असे सामान्यतः मानले जाते. म्हणजे हे पीक येथे फार जुने आहे. पौष-माघात शेंगा भरल्या, पण दाणे अजून हिरवे आहेत, अशा मोजक्या आठवड्यांत पोपटी लावली जाते.

मातीच्या मडक्याच्या तळाशी भांबुर्ड्याचा पाला घालतात. भांबुर्डा हे भात निघाल्यानंतर बांधावर आणि पडीक जागी आपोआप उगवणारे उग्र वासाचे झुडूप आहे. त्यावर शेंगा, जाडे मीठ आणि ओवा यांचे थर येतात, मधूनमधून बटाटे, रताळी, अंडी किंवा मसाला लावलेले कोंबडीचे तुकडे ठेवले जातात आणि शेवटी तोंडात पुन्हा पाला गच्च कोंबून मडके जमिनीवर पालथे घातले जाते. भोवती पेंढा, पालापाचोळा आणि काटक्या रचून सुमारे अर्धा तास जाळ करतात. मडक्यावर पाण्याचा हबका मारला असता ते चर्र आवाज करून क्षणात सुकले, की पोपटी झाली असे जाणकार ओळखतात. पाणी मुळीच घातलेले नसल्याने शेंगा स्वतःच्या आणि पाल्याच्या ओलाव्यात वाफवतात, मडक्याच्या तापलेल्या बाजूला टेकलेल्या शेंगांची साले मात्र करपतात आणि धुराचा, ओव्याचा व भांबुर्ड्याचा वास दाण्यांत उतरतो. चुलीच्या घरात भट्टी नसते, म्हणून मराठी स्वयंपाकात सर्व बाजूंनी उष्णता देऊन भाजण्याची कला नव्हती, हे विधान वारंवार केले जाते. पालथे मडके ही एका सांजेपुरती उभारलेली भट्टीच असल्याने ते विधान टिकत नाही. दक्षिण गुजरातेत पापडीच्या शेंगांचे उंबाडियू याच तत्त्वावर होते, यावरून ही पद्धत एखाद्या गावाची नसून रायगडापासून वलसाडपर्यंतच्या किनाऱ्याची आहे, हे दिसते.

फरसबीचा प्रवास याच्या उलट, दुरून झालेला आहे. ही शेंग अमेरिका खंडातली. मध्य अमेरिकेत आणि अँडीज पर्वताच्या प्रदेशात तिची स्वतंत्रपणे लागवड सुरू झाली आणि सोळाव्या शतकात ती युरोपात पोहोचली. राजमा आणि श्रावणघेवडा ही याच वनस्पतीची रूपे असून सातारा जिल्ह्यातील कोरेगाव भागाचा वाघ्या घेवडा, ज्याला भौगोलिक मानांकन मिळालेले आहे, तोही याच कुळातला. कल्याणच्या शेजारचा वसईचा मुलूख १५३४ ते १७३९ पोर्तुगीजांकडे होता आणि मिरचीसारखी अमेरिकी पिके त्यांच्याच जहाजांतून या किनाऱ्यावर उतरली. तथापि हिरव्या शेंगेसाठी पिकवली जाणारी फरसबी येथे रुजली ती प्रामुख्याने एकोणिसाव्या शतकात, इंग्रजांच्या छावण्यांभोवतीच्या भाजीमळ्यांतून. हे पीक थंड हवेचे आहे. उष्णता वाढली की त्याची फुले गळतात, म्हणून कोकणपट्टीत ते मनाजोगते येत नाही आणि घाटमाथ्यावरचे पुणे, सातारा व नाशिक जिल्हे त्याचे घर बनले.

या हवामानभेदामुळेच कोपरसारख्या ठिकाणी वाल हे बांधावरचे आणि फरसबी हे बाजारातले पीक ठरले. जुन्नर, ओतूर, नारायणगाव या भागांतला भाजीपाला माळशेज घाट उतरून कल्याणच्या बाजारात येतो. हा मार्ग ज्या डोंगररांगेतून खाली येतो, तिच्यातच नाणेघाट आहे. सातवाहनकाळात जुन्नर आणि कल्याण बंदर यांना जोडणारा व्यापारी रस्ता या घाटातून जात असे आणि इसवी सनाच्या पहिल्या शतकातील पेरिप्लस या ग्रीक प्रवासवर्णनात कल्याणचा उल्लेख बंदर म्हणून आलेला आहे. बंदर मागे पडले, पण देशावरचा माल कल्याणला उतरण्याचा क्रम सुटला नाही.

सोया सॉसचा इतिहास अधिक गुंतागुंतीचा आहे. उकडलेले सोयाबीन आणि भाजलेला गहू यांवर एका विशिष्ट बुरशीची वाढ करून, ते मिश्रण मिठाच्या पाण्यात महिनोन्‌महिने आंबवून जो गडद द्रव गाळला जातो, तो सोया सॉस. त्याचे मूळ चीनमधील दोन हजार वर्षांहून जुन्या आंबवलेल्या सोयाबीनच्या लगद्यात आहे. सतराव्या शतकात डच व्यापारी तो जपानमधून बाहेर नेऊ लागले. पश्चिम किनाऱ्यावरील त्याची एक नोंद तर आश्चर्य वाटावे इतकी जुनी आहे: १६८९ मध्ये सुरतेस आलेला इंग्रज पाद्री जॉन ओव्हिंग्टन याने तेथील इंग्रज वखारीच्या जेवणाचे वर्णन करताना बांबू आणि आंब्याच्या लोणच्यांच्या जोडीला सोयाचाही उल्लेख केला असून सर्व सॉसांत त्याला श्रेष्ठ ठरवले आहे. त्याचे पुस्तक १६९६ मध्ये प्रसिद्ध झाले. अर्थात ही चव वखारीच्या भिंतीबाहेर पडली नाही, आणि सामान्यांच्या ताटापर्यंत ती पोहोचायला आणखी सुमारे तीनशे वर्षे जावी लागली.

ते काम भारतात स्थायिक झालेल्या चिनी कुटुंबांनी केले. अठराव्या शतकाच्या अखेरीपासून कोलकात्याच्या परिसरात चिनी वसाहत वाढत गेली. मुंबईत माझगावला खलाशी, सुतार आणि दंतवैद्य यांची छोटी वस्ती होती आणि तिचे देऊळ अजूनही उभे आहे. १९६२ च्या युद्धानंतर या समाजावर मोठे संकट आले. सुमारे तीन हजार चिनी वंशाच्या लोकांना राजस्थानातील देवळी येथे स्थानबद्ध करण्यात आले, पुष्कळांनी देश सोडला आणि जे राहिले त्यांच्यापैकी अनेकांना उपाहारगृह हाच निर्वाहाचा मार्ग उरला. भारतीय चिनी खाद्यपद्धतीच्या लोकप्रियतेमागे एका समाजाने सोसलेला हा अन्याय आहे, आणि तो विसरून तिचा इतिहास सांगणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. कोलकात्यात वाढलेले नेल्सन वांग यांनी १९७५ मध्ये मुंबईच्या क्रिकेट क्लब ऑफ इंडियात चिकन मंचुरियन प्रथम केले, असे सांगितले जाते. आले, लसूण आणि हिरवी मिरची या ओळखीच्या वाटणात गरम मसाल्याऐवजी सोया सॉस घालण्याची त्यांची युक्ती पुढे देशभर पसरली. मोठ्या हॉटेलांतून ती रस्त्यावर उतरली आणि उपनगरी स्थानकांबाहेर लाल रंगाच्या ‘चायनीजच्या गाड्या’ उभ्या राहिल्या. या गाड्यांवरच्या फ्राइड राइसमध्ये आणि नूडल्समध्ये कोबी व गाजराबरोबर बारीक चिरलेली फरसबी पडते. शेंग आणि सॉस यांची या भागातली पहिली व्यापक गाठ तेथेच पडली, असे मानण्यास हरकत नाही.

शेंगा अख्ख्या भाजण्याच्या या तोंडीलावण्याशी मिळतीजुळती रीत चीनमध्येही आहे. तेथील सिचुआन प्रांतात याच शेंगा थोड्या तेलात सुरकुत्या पडेपर्यंत परतून, लोणचवलेल्या मोहरीच्या पाल्यासह खाण्याची पद्धत प्रसिद्ध आहे. तेथेही फरसबी आणि मिरची ही दोन्ही पिके अमेरिकेतून आलेली आहेत.

घरगुती तोंडीलावण्याची कृती वरवर सोपी असली, तरी तिच्यातला क्रम महत्त्वाचा आहे. शेंगांच्या शिरा आणि टोके काढून, धुतल्यावर त्या कापडावर पूर्ण कोरड्या कराव्या लागतात, कारण ओल्या शेंगा भाजल्या न जाता वाफवतात आणि लिबलिबीत होतात. लोखंडी तवा धुरावेपर्यंत तापवून त्यावर शेंगा एका थरात पसरल्या, की सालीतली साखर आणि प्रथिने यांच्या संयोगाने तपकिरी डाग उमटतात व खमंगपणा येतो. सोया सॉस शेवटी, आच मंद करून घालायचा, कारण त्यातील मिठामुळे शेंगेला पाणी सुटते आणि त्याच्या जोडीला घातलेला गूळ किंवा मध लवकर करपून कडू होतो. पोपटीत मीठ आधी घातलेले चालते, कारण तेथे वाफ हवीच असते. तव्यावर ती नको असते.

या पदार्थाला उपनगरी जीवनाचाही हातभार लागला आहे. गिरगाव, दादर, परळ येथील चाळींतून डोंबिवलीच्या परिसरात राहावयास आलेल्या कुटुंबांतील नोकरदार स्त्रिया संध्याकाळच्या गाडीत, महिलांच्या डब्यात बसल्या बसल्या भाजी निवडत आल्या आहेत, आणि स्थानकाबाहेर निवडलेल्या व चिरलेल्या भाजीच्या पिशव्या विकण्याचा व्यवसाय त्यांच्याच गरजेतून उभा राहिला. खोबरे घालून शिजवलेल्या फरसबीच्या भाजीला बारीक चिरणे अटळ असते. अख्ख्या शेंगा भाजायच्या तर नुसत्या शिरा काढून भागते आणि पंधरा मिनिटांत ताटात वाढता येते.

दरम्यान वालाची शेते मात्र या पट्ट्यातून जवळजवळ नाहीशी झाली आहेत आणि पोपटीसाठी लागणाऱ्या शेंगा रायगडाकडून आणाव्या लागतात. फरसबीचे बियाणे दुकानात विकत मिळते. वालाचे गावठी वाण मात्र घराघरांतल्या राखेत जपून ठेवलेल्या बियांवर आणि ते ओळखणाऱ्या वृद्ध आगरी स्त्रियांच्या माहितीवर टिकून आहेत. डोंबिवली-कल्याणमधील महाविद्यालयांनी आणि ग्रंथालयांनी या स्त्रियांकडून वाणांची नावे, पेरणीच्या तिथी आणि पोपटी लावण्याच्या गावोगावच्या पद्धती आताच लिहून घ्याव्यात, आणि मिळेल ते बियाणे दापोलीच्या कृषी विद्यापीठाकडे जतनासाठी पोहोचवावे.