एका घरात एक अक्षर

रात्रीचे अकरा. आग्रा महामार्गावरून ट्रकांची घरघर येते आहे आणि पिंपळगाव बसवंतच्या खोलीत तुमच्यापुढे लिनक्सचे टर्मिनल उघडे आहे. 'सीमॅट्रिक्स' या प्रोग्रामचे नाव, पुढे 'वजा सी', एंटर. काळ्या पडद्यावर हिरवी जपानी अक्षरे कोसळू लागतात. फॉन्टमध्ये ती नसती तर नुसते चौकोन दिसले असते.

डोळे मिटा. उघडाल तेव्हा सिडनीत असाल, विसावे शतक संपत आलेले. सीमॅट्रिक्स ज्याची नक्कल करतो, त्या 'द मॅट्रिक्स' चित्रपटासाठी सायमन व्हाइटली काटाकाना या जपानी लिपीची अक्षरे आरशातल्यासारखी उलटी करतो आहे. ती त्याने पत्नीकडच्या जपानी पाककृतींच्या पुस्तकांतून उचलली, असे तो पुढे सांगेल. पण टर्मिनलवरची ही अक्षरे इतकी अरुंद का? अजून मागे चला.

१९६९, जपान. संगणकी अक्षरांचे मानक ठरते आहे. आठ बिटांत जागा २५६. खालच्या अर्ध्यात इंग्रजी, वरच्या अर्ध्यात ६३ जागांवर काटाकाना आणि विरामचिन्हे. हजारो कांजी, म्हणजे जपानीतली चिनी चित्राक्षरे, दाराबाहेर उभ्या. 'का'चा 'गा' करणाऱ्या दोन ठिपक्यांनाही डोक्यावर जागा नाही. ते शेजारच्या घरात बसतात. पुढे दुप्पट रुंदीच्या कांजी पडद्यावर आल्या, की या काटाकाना अक्षरांना 'अर्ध्या रुंदीची' म्हणतील.

आता आपल्या लिपीकडे या. १९९१, पुणे. सी-डॅकचे जिस्ट कार्ड बसवलेला संगणक. या कार्डामागचे काम मोहन तांबे यांनी आयआयटी कानपूरमध्ये सुरू केले होते. 'इस्की' हे भारतीय लिप्यांचे मानक यंदाच आले आहे. त्यातही आपली अक्षरे वरच्याच अर्ध्यात. गावाचे नाव टाइप करा. प. मग वेलांटी: दाबली नंतर, उमटली आधी. मग अनुस्वार, थेट डोक्यावर. तीन कळा, एक अक्षर. कोणी कुठे बसायचे, हा हिशेब कार्ड करते.

जपानी अक्षर सुटे होते, म्हणून एकेक करून बरसते. आपले 'पिं' तसे पाडायला जाल तर वेलांटी एकीकडे आणि अनुस्वार दुसरीकडे.

आपले आकडे मात्र पाहा. त्यांना ना वेलांटी, ना शिरोरेषा. आजच्या युनिकोड मानकात शून्य ते नऊ ओळीने बसलेत. सीमॅट्रिक्सचा मूळ कोड सर्वांना खुला आहे. घरी पोचल्यावर त्यातली अक्षरांची हद्द बदला आणि मराठी आकडे बरसू द्या.