मु. पो. जुहू

पत्त्याआधी ‘मु. पो.’ लिहिताना मुक्काम या शब्दाकडे कुणी थांबून पाहत नाही. मला तो भेटला जुहूच्या पृथ्वी थिएटरचा इतिहास चाळताना. जानकी कुटीरमधलं हे नाट्यगृह ५ नोव्हेंबर १९७८ रोजी उघडलं, आणि पहिलं नाटक होतं गो. पु. देशपांड्यांचं ‘उद्ध्वस्त धर्मशाळा’, हिंदी अवतारात. नसीरुद्दीन शाह आणि ओम पुरी त्यात होते. हिंदी-इंग्रजी नाटकांचं माहेर मानलेल्या वास्तूचा श्रीगणेशा मराठी नाटकानं झाला याचा अभिमान आहेच, पण मी अडखळलो तो धर्मशाळा या शब्दाशी. धर्मशाळा म्हणजे वाटसरूच्या मुक्कामाची जागा. तिथून माझं मत बनत गेलं: १९८३ साली सुरू झालेला पृथ्वी नाट्यमहोत्सव उत्सवांच्या कुळातला नाहीच. तो नाटक कंपनीच्या मुक्कामाच्या कुळातला आहे.

विष्णुदास भाव्यांनी १८४३ साली सांगलीत ‘सीतास्वयंवर’ केलं आणि दहा वर्षांत त्यांची मंडळी खेळ घेऊन मुंबईला पोचली. पुढे हीच रीत झाली. कंपनीनं गावात मुक्काम टाकायचा, रोज वेगळा खेळ लावायचा आणि गर्दी ओसरली की बाडबिस्तरा बांधायचा. पृथ्वीराज कपूर यांची १९४४ ची ‘पृथ्वी थिएटर्स’ याच वाटेची. १९६० पर्यंत तिचे २,६६२ प्रयोग झाले. खेळ संपला की पृथ्वीराज स्वतः दाराशी झोळी पसरून उभे राहत आणि गरजूंसाठी मदत गोळा करत. या कंपनीत वाढलेले शशी कपूर आणि वडिलांच्या ‘शेक्सपिअराना’ या फिरत्या मंडळीत वाढलेल्या जेनिफर केंडल, या दोघांनी जुहूचं नाट्यगृह उभारलं. दोघांचं बालपण मुक्कामांत गेलेलं. त्यांनी घर बांधलं ते इतर नाटकवाल्यांना उतरायला जागा व्हावी म्हणून. पूर्वी कंपनी गावोगाव जाई. महोत्सवात ठिकठिकाणच्या मंडळ्या एका गावी येतात. मुक्काम तोच, फक्त उलटा केलेला.

याविरुद्ध बोलता येईल, आणि बोलायलाच हवं. राज्य नाट्यस्पर्धा १९५४ पासूनची, तीच या महोत्सवाची आई का नसावी? पण स्पर्धेत निकाल असतो, इथे नाही. ‘सवाई गंधर्व’ संगीत महोत्सवाचा दाखला मात्र जड आहे. १९५३ पासून पुण्यात तो गुरूच्या स्मरणार्थ भरतो, आणि पृथ्वीचं नाट्यगृहही पृथ्वीराजांच्या नावाच्या स्मारक न्यासानंच उभारलं. शिवाय पृथ्वीराजांचा जन्म ३ नोव्हेंबर १९०६ चा. उद्घाटन ५ नोव्हेंबरला, महोत्सवही बहुतेकदा नोव्हेंबरातच. म्हणजे तारखा माझ्या विरोधात साक्ष देतात. स्मरणाचा धागा मी मान्य करतो, पण तो निमित्ताचा. रीत कुठून आली हे पाहायचं, तर शशी आणि जेनिफर यांचं बालपण पाहावं लागतं.

शब्दही माझ्या बाजूचा आहे. मुक्काम हा मूळचा अरबी, फारसीच्या वाटेनं मराठीत आलेला. धातूचा अर्थ उभं राहणं. अरबी संगीतात ‘मकाम’ म्हणजे रागासारखी स्वरांची चौकट, सूफींच्या बोलीत साधकाच्या वाटेवरचा टप्पा. आपल्या बोलीत त्यातला ‘क’ दुप्पट झाला. माझा तर्क असा, की छावणीत ओरडून सांगायचा शब्द असल्यानं त्यावर जोर चढला असावा. याहून नवल म्हणजे आपला ‘कायम’ही याच धातूतून आला आहे. उद्या उठून जायचं ते ‘मुक्काम’ आणि कधीच हलायचं नाही ते ‘कायम’, अशी ही सख्खी भावंडं. १९६० साली थांबलेली फिरती कंपनी अठरा वर्षांनी जुहूत कायम झाली आणि आणखी पाच वर्षांनी तिथे दरसालचे मुक्काम पडू लागले. यापेक्षा नेमकं नातं मला दिसलेलं नाही.

जेनिफर यांना या महोत्सवाची फार वर्षं लाभली नाहीत. ७ सप्टेंबर १९८४ रोजी त्या गेल्या. पुढे त्यांच्या मुलांनी तो चालवला.

तुमच्या घरात आजोबांच्या ट्रंकेत एखाद्या नाटक कंपनीचं हँडबिल, मुक्कामाच्या तारखांची वही किंवा खानावळीचा हिशेब असेल, तर रद्दीत घालू नका. कंपनी कुठे, किती दिवस उतरली होती, तेवढं तरी उतरवून ठेवा.