उभ्या रेघा, आडव्या रेघा

आमच्या आजोळच्या, म्हणजे इथल्याच इंदूरच्या, घरखर्चाच्या मोडी वहीचं लिप्यंतर मी गेल्या पावसाळ्यात संपवलं आणि हिशेब काही जुळेना. एका पानावर तीन रकमा : ३, २ आणि १. खाली एकूण ७. मी इंजिनिअर माणूस, आयुष्य अंदाजपत्रकं तपासण्यात गेलेलं; म्हटलं, लिहिणारा चुकला. चुकलो होतो मी. आकड्यांपुढच्या रेघांना दंड समजून मी त्या चक्क गाळल्या होत्या.

मूळ नोंद अशी :

३।।।
२।।=
१।-
एकूण ७।।≡

उभी रेघ म्हणजे पाव रुपया, चार आणे. आडवी रेघ (हाताच्या ओघात तिरपी होते) म्हणजे एक आणा. हीच बेरीज शाळेच्या पद्धतीनं मांडा : ३ ३/४ + २ ५/८ + १ ५/१६. छेद वेगवेगळे, म्हणून लसावि १६. मग १२, १० आणि ५ मिळून २७/१६. त्यातून पूर्ण एक बाहेर काढायचा. उत्तर ७ ११/१६. वही लिहिणाऱ्यानं यातलं काहीच केलं नाही. आडव्या रेघा मोजल्या, तीन. उभ्या मोजल्या, सहा; चारांचा झाला रुपया, दोन उरल्या. हातचा एक. झालं!

भास्कराचार्यांनी ११५० च्या 'लीलावती'त परस्परांच्या छेदांनी गुणून छेद सारखे करायला सांगितलं आहे. ती रीत कुठल्याही छेदांना चालते. रेघांची फक्त सोळाच्या घरातली, पण बाजारात तेवढंच लागायचं. यशवंतराव होळकर (दुसरे) यांची १९३५ ची तांब्याची नाणी बघा, अर्धा आणा नि पाव आणा, म्हणजे पुन्हा निम्म्याचं निम्मं. पोरांकडून पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, औटकी घोकून घेत, ती गुणाकारासाठी. बेरजेला रेघा पुरत.

अडायचं ते तिसऱ्या हिश्श्याला. रुपयाचे तीन वाटे रेघांत बसत नाहीत. तिथे पै कामाला येई : आण्याच्या १२ पै, म्हणून एक वाटा ५ आणे ४ पै, अगदी बिनचूक. १ एप्रिल १९५७ ला शंभर नवे पैसे आले आणि तो वाटा ३३ वर अडला. चार आण्यांचे पंचवीस नेमके, पण तीन आण्यांचे पावणेएकोणीस, ते १९ धरायचे!

मंडळातल्या लिप्यंतर करणाऱ्यांना एक विनंती. या रेघांसाठी दंड टंकू नका. २००९ पासून युनिकोडमध्ये त्यांची स्वतंत्र चिन्हं आहेत, ती वापरा. नाहीतर पुढच्या वाचकाला साडेतीन रुपये तीनच दिसतील, आणि त्यावरून तो किमतींचा तक्ता करील.

माझी पानं आता जुळली आहेत. एक सोडून. तिथे एक आणा कमी पडतो, आणि नेमकं तिथेच वाळवीनं खाल्लंय.